भुलनवेल ठेवली, हात सोडला

भुलनवेल नावाची जादूची वनस्पती नाही. त्या नावानं लोक ज्या झाडोऱ्याकडं बोट दाखवतात तो असेलही. पण जिच्यावर पाय पडला की माणूस घरची वाट विसरतो, रात्रभर त्याच त्या वावराला चकरा मारतो आणि सकाळी विचारलं तर "आत्ताच तर निघालो होतो" म्हणतो, अशी वेल पृथ्वीवर कुठंही उगवत नाही. हे आधीच सांगून टाकतो, कारण पुढचं वाचून काही जणांना वाटेल की इंजिनिअरिंग केलेला पोरगा भुताखेतांची वकिली करायला बसलाय. माझं भांडण वेगळं आहे.

या वेलीच्या गोष्टीत दोन भाग होते. एक वेलीचा आणि दुसरा उताऱ्याचा. वेल माणसाला भुलवते, हा पहिला भाग. भुललेल्या माणसाला परत कसं आणायचं, हा दुसरा. गेल्या काही वर्षांत आपण पहिला भाग फोनच्या स्क्रीनवर आणून चांगला चमकवला, विकायलाही काढला. दुसरा भाग मात्र कुणी उचललाच नाही. आणि उपयोगाचा होता तो तोच.

आधी गोष्ट

ज्यांच्या लहानपणी ही गोष्ट नव्हती त्यांच्यासाठी थोडक्यात सांगतो. आमच्या वऱ्हाडात म्हातारी माणसं सांगतात, "भुलनवेलीवर पाय पडला का मानूस रस्ता भुलते." तपशील गावागणिक बदलतो. मेळघाटाच्या कडेला वेल जंगलात असते. आमच्या गुरुकुंज मोझरीकडं जंगल नाही, कपाशी-तुरीची वावरं आहेत, संत्र्याचे बगीचे आहेत आणि मधून जाणारा अमरावती-नागपूर महामार्ग आहे. म्हणून इथं ती वेल धुऱ्यावर येते. रात्री जागलीला गेलेला माणूस रोजच्या धुऱ्यावरून निघतो आणि घरी पोचतच नाही. झाड तेच, विहीर तीच, पण दिशा हरवलेली. तास गेला की प्रहर, तेही कळत नाही.

पश्चिम महाराष्ट्रात वेलीऐवजी 'चकवा' लागतो. विदर्भाच्या जंगलांत नोकरी केलेल्या मारुती चितमपल्लींनी आपल्या आत्मचरित्राचं नाव 'चकवाचांदण' ठेवलं, यावरून हा शब्द मराठी मनात किती खोल आहे ते कळावं. शेजारच्या छत्तीसगडात हीच गोष्ट 'भूलन कांदा' म्हणून सांगतात. त्याच नावाची संजीव बख्शींची हिंदी कादंबरी आहे आणि तिच्यावरून निघालेल्या 'भूलन द मेज' या चित्रपटाला २०२१ साली जाहीर झालेल्या ६७व्या राष्ट्रीय पुरस्कारांत छत्तीसगडी भाषेतल्या सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा मान मिळाला.

आता उतारा. छत्तीसगडच्या गोष्टीत तो अगदी स्पष्ट आहे: भुललेल्याला दुसऱ्या माणसाचा हात लागला की तो भानावर येतो. चकव्याच्या गोष्टीत सांगतात की चकवा लागला तर आहे तिथं बसावं, उजाडू द्यावं, चालत राहू नये. आमच्या घरची म्हातारी माणसं दोन्ही एकत्र सांगायची. भुललेल्यानं बसावं आणि घरच्यांनी शोधायला निघावं. "नुसती हाक मारून नाई येत तो, हात धरून आनावं लागते."

पूर्ण गोष्ट एवढीच आहे. यात मंत्र, बाबा, बोकड आणि पैसे कुठंही नाहीत. भुललेल्यानं थांबायचं आणि दुसऱ्यानं जाऊन त्याचा हात धरायचा.

जंगलात खरंच काय होतं

माणूस गोल फिरतो ही थाप नाही. जर्मनीतल्या ट्युबिंगेन इथल्या माक्स प्लांक संस्थेत यान साउमन आणि सहकाऱ्यांनी याचा प्रयोग केला आणि तो २००९ साली प्रसिद्ध झाला. त्यांनी लोकांना जीपीएस लावून जर्मनीतल्या दाट जंगलात आणि ट्युनिशियातल्या सहारा वाळवंटात सोडलं. सांगितलं एवढंच, सरळ रेषेत चालत राहा. सूर्य किंवा चंद्र दिसत होता तोवर लोक बऱ्यापैकी सरळ चालले. आभाळ भरून आल्यावर मात्र ते गोल फिरून आपल्याच जुन्या वाटेवर परत आले, आणि आपण सरळ चाललोय असं त्यांना वाटत होतं. डोळे बांधलेल्यांनी तर कधी कधी वीस मीटर व्यासाच्या आत वर्तुळं काढली. कारण एक पाय लहान-मोठा असणं वगैरे नाही. बाहेरून दिशेची खूण मिळाली नाही की मेंदूच्या 'सरळ' या अंदाजात छोट्या छोट्या चुका साचत जातात. माझ्या धंद्याच्या भाषेत सांगायचं तर प्रत्येक पावलाला राउंडिंग एरर आहे आणि ती दुरुस्त करणारा सिग्नल बंद पडलाय.

वेळेचंही तसंच. २००७ साली डेव्हिड ईगलमन आणि सहकाऱ्यांचा एक प्रयोग प्रसिद्ध झाला. त्यात स्वयंसेवकांना ३१ मीटर उंचीवरून पाठमोरं खाली सोडलं होतं, खाली अर्थातच जाळी होती. पडताना किती वेळ गेला असं विचारल्यावर त्यांनी स्वतःचा वेळ दुसऱ्यांच्या पडण्याच्या वेळेपेक्षा सरासरी ३६ टक्के जास्त सांगितला. पडताना डोळ्यांना मात्र काहीही जास्त वेगानं दिसत नव्हतं. म्हणजे भीतीत घड्याळ हळू होत नाही, आठवण दाट होते आणि मागं वळून पाहताना वेळ ताणलेला वाटतो. तेव्हा रात्री, ढगाळ आभाळाखाली, दमलेला, घाबरलेला माणूस त्याच विहिरीवर तिसऱ्यांदा आला आणि त्याला काळवेळेचं भान राहिलं नाही, तर त्याला वेलीची गरज नाही.

आता पुन्हा उतारा वाचा. चालत राहू नकोस, कारण चालशील तितका चुकशील. उजाडू दे, कारण सूर्य दिसला की दिशा परत मिळेल. दुसऱ्यानं जाऊन आणावं, कारण ज्याचं होकायंत्र बिघडलंय त्याला त्याच होकायंत्रानं घर सापडणार नाही. साउमनचा प्रयोग माहीत नसलेल्या माणसांनी त्याचा निष्कर्ष आधीच वापरात आणला होता. कारण चुकीचं सांगितलं, इलाज बरोबर सांगितला. आपण नेमकं उलट केलं. चुकीच्या कारणाला चिकटलो आणि बरोबर इलाज विसरलो.

वेल विकणारे

माझ्या फीडवर ही वेल तीन वेषांत येते.

पहिला वेष भयाचा. धुकं, बासरीचा आवाज, कुठल्या तरी एआयनं काढलेली चमकणारी हिरवी वेल आणि "मेळघाटातलं ते रहस्य जे सरकार लपवतंय". यात मेळघाटातला कोरकू माणूस एकतर भूत असतो नाहीतर भुताचा साक्षीदार. १९७४ पासून व्याघ्र प्रकल्प असलेल्या, हजारो माणसं राहत असलेल्या प्रदेशाचं आपण सिनेमाचं सेट केलंय. तिथल्या मुलांना शाळेत जाताना किती नाले ओलांडावे लागतात, यावर रील निघत नाही. वेलीवर निघतं.

दुसरा वेष दुकानदारीचा. 'दुर्मिळ जंगली जडी', कुणी जवळ ठेवायला सांगतं, कुणी दुधात उगाळून घ्यायला. वेल भुलवत असेल तर तिचं मूळ आठवण वाढवत असेल, असलं तर्कशास्त्र. पैसे आधी, पार्सल नंतर. १९५४ सालापासून आपल्याकडं औषधं आणि जादुई उपायांच्या आक्षेपार्ह जाहिरातींविरुद्ध कायदा आहे. त्याला सत्तर वर्षं झाली, पण कमेंटमधल्या "प्राइस प्लीज"पर्यंत तो अजून पोचलेला नाही.

तिसरा वेष सगळ्यात सभ्य आहे, म्हणून त्याच्यावर जास्त बोलतो. परीक्षेच्या मोसमात मिळणारी स्मृतीची बाटली.

अकोला हे आता विदर्भातलं क्लासेसचं मोठं गाव झालंय. नीट आणि जेईईसाठी आसपासच्या जिल्ह्यांतली पोरं तिथं खोल्या घेऊन राहतात. त्यांतल्या कित्येकांच्या कपाटात ट्रंकेतल्या लाडवांच्या डब्याशेजारी शंखपुष्पीची बाटली असते. आईनं दिलेली. त्या आईवर मला एक शब्दही बोलायचा नाही. ज्यांनी तिला पटवलं की तिच्या लेकाच्या डोक्यात काहीतरी कमी आहे, त्यांच्यावर बोलायचंय.

शंखपुष्पी म्हणजे नक्की कोणती वनस्पती? बाजारात या एका नावाखाली निदान तीन वेगवेगळ्या वनस्पती आढळतात: कॉन्व्हॉल्व्ह्युलस प्रोस्ट्रेटस, आपली विष्णुक्रांता आणि आपली निळी गोकर्ण. 'ब्राह्मी'चंही तसंच. कुठं ती बाकोपा असते, कुठं मंडूकपर्णी. एकाच नावाचे तीन व्हेरिएबल असलेला कोड कुणी रिव्ह्यूला पाठवला तर मी तो परत पाठवीन, आणि इथं तो पोरांच्या पोटात जातोय. बाकोपावर काही छोट्या चाचण्या झाल्यात आणि त्यांत साधारण बारा आठवडे रोज घेतल्यावर आठवणीच्या काही कसोट्यांत माफक फरक दिसलाय. बारा आठवडे, माफक, काही कसोट्या. पेपरच्या पंधरा दिवस आधी आणलेल्या बाटलीबद्दल या चाचण्या काहीच बोलत नाहीत.

उलट ज्या गोष्टी खरोखर काम करतात त्या फुकट आहेत. २००६ साली रोडिगर आणि कारपिकी या अमेरिकन मानसशास्त्रज्ञांनी विद्यार्थ्यांवर केलेला प्रयोग प्रसिद्ध आहे. काही जणांनी उतारा पुन्हा पुन्हा वाचला. काहींनी एकदा वाचून पुस्तक मिटलं आणि आठवेल ते लिहून काढलं. पाच मिनिटांनंतर पुन्हा पुन्हा वाचणारे पुढं होते. आठवड्यानंतर आठवून लिहिणारे पुढं गेले, आणि चांगलेच पुढं. दुसरी गोष्ट झोप. दिवसभर शिकलेलं मेंदू झोपेत पक्कं करतो. पण "रात्री दोनपर्यंत जाग" सांगणारा क्लास आणि "पुस्तक मिट आणि आठव" सांगणारा शिक्षक यांतला दुसरा बाटलीत भरता येत नाही. म्हणून त्याची जाहिरात होत नाही.

खरी भुलवणारी वेल उकिरड्यावर आहे

यातला सगळ्यात चीड आणणारा भाग पुढं आहे. स्मृती आणि काळ यांच्याशी खरोखर खेळणारी वनस्पती आपल्याकडं आहे. ती दुर्मिळ नाही, मेळघाटात जाऊन शोधायला नको. रस्त्याकडेला, उकिरड्यावर, पडक्या भिंतीपाशी, महादेवाच्या देवळामागं. धोतरा.

धोतऱ्याच्या बियांत आणि पानांत ॲट्रोपिन, स्कोपोलामाइन आणि त्यांची भावंडं असतात. मेंदूत नवी आठवण तयार व्हायला ॲसिटिलकोलीन नावाचा निरोप्या लागतो. ही द्रव्यं त्या निरोप्यासमोर दार बंद करतात. तोंड कोरडं पडतं, बुबुळं मोठी होतात, अंग तापतं, माणूस नसलेल्या माणसांशी बोलतो, घरात असून घर शोधतो. आणि वाचला तर मधले तास त्याच्या आठवणीतून गायब असतात. वाचला तर, असं मुद्दाम लिहिलंय. किती बिया म्हणजे विष, याचा हिशोब झाडागणिक बदलतो, त्यामुळं 'थोडंसं' असं काही नसतं. एकोणिसाव्या शतकातल्या इंग्रजी दफ्तरांत वाटसरूंना धोतरा खिलवून लुटणाऱ्या टोळ्यांच्या नोंदी आहेत.

म्हणजे 'वनस्पतीमुळं माणूस वाट आणि वेळ विसरतो' हे वाक्य पूर्ण खोटं नाही. त्यातलं 'पाय पडल्यानं' खोटं आहे. पायाखाली आलेल्या पानातून काही मेंदूपर्यंत चढत नाही, पोटातून चढतं. खऱ्या धोतऱ्याबद्दल पोरांना सावध करणारं एक रील मी पाहिलेलं नाही, महाशिवरात्रीला त्याचं फळ हातात घेऊन काढलेल्या सेल्फी मात्र शेकड्यांनी पाहिल्यात. खोट्या वेलीचं भय आणि खऱ्या झाडाबद्दल बेफिकिरी, दोन्ही एकाच फोनवर.

वनस्पतीच्या गोष्टींतून विज्ञान निघू शकतं, पण त्यासाठी गोष्टीला प्रश्न विचारावे लागतात. होमरच्या 'ओडिसी'त सर्सी नावाची चेटकीण खलाशांना औषध घातलेलं अन्न देते आणि ते आपला देश विसरतात. ओडिसियसला तिच्यापासून वाचवतं ते 'मोली' नावाचं पांढऱ्या फुलाचं झुडूप. १९८३ साली प्लाइटाकिस आणि डुव्हॉइसिन यांनी एक निबंध लिहून तर्क मांडला की सर्सीचं विष धोतऱ्याच्या जातीचं असावं आणि मोली म्हणजे स्नोड्रॉप हे युरोपातलं फूल. तर्कच तो, होमरला विचारता येत नाही. पण स्नोड्रॉपच्या कुळातल्या कंदांतून मिळालेलं गॅलँटामीन हे द्रव्य धोतऱ्याच्या बरोबर उलट काम करतं, ॲसिटिलकोलीन टिकवून धरतं. आज ते अल्झायमरच्या रुग्णांना देतात. आजार बरा होत नाही, काही जणांची लक्षणं काही काळ सावरतात. एका कथेतल्या झुडपाकडं अडीच हजारांहून जास्त वर्षांनी दोन डॉक्टरांनी गंभीरपणे पाहिलं. आपल्याकडच्या कथेतल्या वेलीकडं आपण 'प्राइस प्लीज' म्हणून पाहतो.

हसणाऱ्यांशीही भांडण आहे

आता दुसऱ्या बाजूला वळतो, कारण तिथं माझे मित्र आहेत.

ग्रुपवर भुलनवेलीचा व्हिडिओ आला की कुणीतरी हसण्याचे इमोजी टाकतं आणि लिहितं, "अशिक्षित लोक, यांना कोण सुधारणार." या मित्रांचा राग निराधार नाही. मेळघाटात पोट फुगलेल्या तान्ह्या बाळाला तापलेल्या विळ्याचे चटके देतात, त्याला डंबा म्हणतात. त्यात बाळं दगावली आहेत. ज्या गोष्टीतून जीव जातो तिला 'संस्कृती' म्हणून कुरवाळणाऱ्यांच्या मी विरुद्ध आहे, आणि २०१३ साली डॉ. दाभोलकरांच्या खुनानंतर आलेला जादूटोणाविरोधी कायदा मला अपुरा वाटतो, जास्त वाटत नाही.

पण डंबा आणि भुलनवेल एकाच पोत्यात भरणं हा आळस आहे. डंब्यात आजारी बाळाला इजा होते. भुलनवेलीच्या गोष्टीत भुललेल्या माणसाला कुणी हात लावतं ते त्याला घरी आणण्यासाठी. एक प्रथा तोडायची आहे आणि एका गोष्टीतलं कारण दुरुस्त करून उतारा ठेवायचा आहे. कुठलाही इंजिनिअर जुनी सिस्टीम बदलताना आधी विचारतो की ती काय काम करत होती. बंद केल्यावर कोणतं काम थांबेल हे न बघता प्लग काढणाऱ्याला आम्ही हुशार म्हणत नाही.

आणि वेलीची गोष्ट एक फार नाजूक काम करत होती. ती दोष माणसावर टाकत नव्हती. रात्रभर भरकटलेला माणूस सकाळी घरी आला की त्याला कुणी "डोकं ठिकाणावर आहे का?" असं विचारत नसे. वेलीवर पाय पडला, संपलं. त्याची लाज राखली जायची. लाज राखली गेली की माणूस पुढच्या वेळी सांगतो, लपवत नाही.

आता कोण भुलतं

हे सगळं फक्त गमतीच्या लोककथेबद्दल असतं तर मी एवढे शब्द खर्च केले नसते. आमच्याकडं आज वाट कोण भुलतं ते बघा. जागलीला जाणाऱ्याच्या हातात टॉर्च आहे, खिशात मॅप आहे. आज भुलतात ते म्हातारे.

आमच्या भागातल्या कुठल्याही गावात विचारा. एखादे आजोबा दुपारी दुकानात जातो म्हणून निघतात आणि संध्याकाळी महामार्गाच्या कडेनं उलट्या दिशेला चालताना सापडतात. विचारलं तर म्हणतात, "वावरात चाललो." वावर विकून बारा वर्षं झालेली असतात. त्यांच्या डोक्यात मधली बारा वर्षं नाहीत. काळ आणि आठवण दोन्ही एकदम गेलेली, वेलीच्या गोष्टीत सांगितलं होतं तसंच.

२०२३ साली प्रसिद्ध झालेल्या एका मोठ्या राष्ट्रीय अभ्यासाचा अंदाज आहे की भारतात साठीच्या पुढच्या माणसांपैकी ७.४ टक्के जणांना डिमेन्शिया आहे. म्हणजे सुमारे ८८ लाख माणसं. शहरांपेक्षा खेड्यांत प्रमाण जास्त. आणि खेड्यांत त्यांच्याजवळ कोण आहे? माझ्या वयाची पोरं पुण्यात हिंजवडीला, नागपूरला, बेंगळुरूला आहेत. मीही त्यांतलाच. आम्ही गावाकडं पैसे पाठवतो, सणाला जातो, व्हिडिओ कॉलवर "जेवले का बाबा?" विचारतो. त्या कॉलवर म्हातारा माणूस पाच मिनिटं सावरून बोलतो, आणि आम्हाला वाटतं सगळं ठीक आहे.

या माणसांबद्दल घरात तीन वाक्यं ऐकू येतात. "वय झालं." "नाटकं करते बुढा." आणि "काहीतरी बाधा आहे." तिन्ही वाक्यांनी वेळ वाया जातो. म्हातारपणी विसरणं थोडं वाढतं, पण रोजची वाट चुकणं हे 'वय' नाही, आजाराचं लक्षण आहे. प्रत्येक वेळी तो आजार अल्झायमरच असेल असंही नाही. बी-१२ जीवनसत्त्वाची कमतरता, थायरॉइड मंद होणं, रक्तातलं सोडियम घसरणं, लघवीतला जंतुसंसर्ग, पडल्यावर डोक्यात हळूहळू साचलेलं रक्त, या सगळ्यांनी म्हातारा माणूस भुलल्यासारखा वागतो, आणि यांवर इलाज आहे. काही औषधांनीही असं होतं. ॲलर्जीच्या जुन्या पद्धतीच्या, गुंगी आणणाऱ्या गोळ्या तर मेंदूत धोतऱ्याच्याच वाटेनं जातात, त्याच निरोप्याला अडवतात. काल चांगला असलेला माणूस आज अचानक बरळायला लागला तर तो दवाखान्यात नेण्याचा प्रसंग आहे, मांत्रिकाकडं नाही आणि 'सकाळी बघू' म्हणण्याचाही नाही.

इथं "मोबाइल हीच आजची भुलनवेल" असं लिहून टाळ्या घेता आल्या असत्या. मी ते लिहिणार नाही. हा लेख तुम्ही मोबाइलवरच वाचताय आणि हरवलेल्या आजोबांचा फोटो गावच्या ग्रुपवर फिरून ते तासाभरात सापडतात तेही मोबाइलमुळंच. फोनच्या अंगात ना भुलवणं आहे ना परत आणणं. हात धरायला कुणीतरी उठून जावं लागतं.

मोझरीला काय जमेल

हे मी मोझरीच्या नावानं लिहितोय, त्याला कारण आहे. तुकडोजी महाराजांनी १९३५ साली इथं गुरुकुंज आश्रम उभा केला. 'ग्रामगीता' लिहिली ती गावानं गावाची काळजी कशी घ्यावी यावर. साफसफाई, आरोग्य, शिक्षण, भाबडेपणावर टीका, सगळं तिच्यात आहे. प्रार्थनाही त्यांनी सामुदायिक केली, एकेकट्यानं कोपऱ्यात करण्यावर ते थांबले नाहीत. ११ ऑक्टोबर १९६८ रोजी ते गेले. अजूनही त्यांच्या पुण्यतिथीला मोझरीत हजारो माणसं जमतात आणि दुपारी ४ वाजून ५८ मिनिटांनी सगळं स्तब्ध होतं. तो मिनिट एका माणसाच्या डोक्यात राहिला असता तर कधीच पुसला गेला असता. गावानं वाटून घेतला म्हणून टिकला. त्यांना कधीही न पाहिलेली माझ्या वयाची पोरंही त्या मिनिटाला थांबतात.

ज्या गावाला एक मिनिट इतकी वर्षं लक्षात ठेवता येतो, त्या गावाला आपल्या विसरणाऱ्या म्हाताऱ्यांची यादी लक्षात ठेवता येणार नाही, यावर माझा विश्वास नाही. आणि हे मोझरीपुरतं नाही, तुमच्याही गावाला लागू आहे.

करायचं काय, ते साधं आहे. घरातल्या विसरणाऱ्या माणसाच्या खिशात नाव आणि दोन फोन नंबरांची चिठ्ठी ठेवा, सदऱ्याला आतून शिवली तर उत्तम. स्टँडवरच्या चहावाल्याला, ऑटोवाल्यांना, महामार्गावरच्या धाब्याला सांगून ठेवा की हे आजोबा दिसले तर फोन करा. सांगायला लाजू नका. सरपंच, आशाताई आणि मंडळाची पोरं मिळून गावात अशी किती माणसं आहेत ते एकदा मोजा. सुट्टीत गावी गेलात की फोटो काढण्याआधी आजोबांच्या सगळ्या गोळ्यांची पाकिटं एका पिशवीत घालून डॉक्टरांपुढं ठेवा आणि बी-१२, थायरॉइड, सोडियम तपासायचं का ते विचारा. ज्येष्ठांसाठी १४५६७ ही राष्ट्रीय हेल्पलाइन आहे. सांभाळणाऱ्या सुनेचं किंवा लेकीचं मन थकलं तर टेलिमानसचा १४४१६ आहे. आणि आजोबा "वावरात चाललो" म्हणाले तर "वावर विकलं की!" असं वाद घालत सांगू नका. सोबत चार पावलं चाला, पिकाचं विचारा आणि बोलता बोलता घराकडं वळवा.

जडी विकणाऱ्यांना यातून एक रुपया मिळणार नाही. हसणाऱ्यांनाही एक इमोजी कमी पडेल. वेल नव्हतीच, ती जाऊ द्या. उतारा खरा होता आणि त्याला औषधाचं दुकान लागत नाही. पुढच्या वेळी रस्त्याकडेनं उलट्या दिशेला चाललेला म्हातारा माणूस दिसला तर गाडी थांबवा, उतरा आणि त्याचा हात धरा.